गेम बॉय मिक्सरला लावला की ‘घुं’ येतो: आधी काय तपासायचं, मग काय विकत घ्यायचं

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. निपाणीजवळच्या गावात राहता, मामांनी दुबईहून आणलेला जुना राखाडी गेम बॉय हाताशी आहे, शिवाय घरात नव्वदच्या दशकातला टीव्ही गेम पडून आहे. यावर स्वतःचं संगीत करून गणपतीत मंडळापुढे पंधरा-वीस मिनिटं वाजवायचंय. मंडपवाल्याच्या मिक्सरला लावून बघितलं तर सुरांपेक्षा ‘घुं’च जास्त. म्हणून विचारताय, दोन्हीपैकी कुठलं यंत्र धरू आणि गेम बॉयला प्रोसाउंड करून घेऊ का. (प्रोसाउंड म्हणजे आतल्या हेडफोन ॲम्प्लिफायरला वगळून, व्हॉल्यूमच्या चाकाच्या आधीच आवाज बाहेर काढणे.)

गेम बॉय धरा. प्रोसाउंडसाठी मात्र इतक्यात उघडू नका. ‘घुं’ बहुतेक वेळा गेम बॉयच्या पोटात नसतोच, तो अडॅप्टरमध्ये, पिनेत किंवा मिक्सरच्या बाजूला असतो. तिथलं निस्तरल्याशिवाय सोल्डरिंग केलंत तर खर्च होईल आणि ‘घुं’ तसाच राहील. तुमची खरी अडचण आवाजापेक्षा दुसरीकडे आहे. त्या गेम बॉयमध्ये संगीत लिहिणारा प्रोग्राम घालायचा कसा आणि लिहिलेलं टिकवायचं कसं, हे अजून ठरलेलं दिसत नाही. त्यावर खाली येतो.

मागच्या लेबलवर डीएमजी-०१ आहे असं धरून लिहितोय. हे १९८९ सालचं पहिलं मॉडेल, चार पेन्सिल सेलवर चालणारं. पॉकेट किंवा कलर असेल तर प्रोग्रामचा भाग तसाच लागू पडतो, उघडझाप आणि आवाजाचा पोत वेगळा. ॲडव्हान्स एसपी असेल तर त्याला हेडफोनची पिनच नाही, वेगळा जोड लागतो.

आता आवाज. मिक्सर बाजूला ठेवा, गेम बॉयमध्ये नवे सेल घाला, अडॅप्टर काढा आणि साध्या हेडफोनवर ऐका. खालचा जाड ‘घुं’ गेला असेल तर दोष अडॅप्टरचा किंवा अर्थिंगचा होता. आपली लाइट ५० हर्ट्झची. जुन्या ट्रान्सफॉर्मरवाल्या अडॅप्टरमध्ये ती डायोडमधून गेल्यावर १०० हर्ट्झची लहर उरते, आणि आतला कपॅसिटर सुकला असेल तर ती लहर सरळ स्पीकरात येते. हे अडॅप्टर मोकळे असताना छापलेल्या आकड्यापेक्षा बरंच जास्त व्होल्टेजही देतात. गेम बॉयला ६ व्होल्ट लागतात. पिनेजवळ छापलेली अधिक-उणेची खूण आणि अडॅप्टरवरची खूण मीटर लावून जुळवल्याशिवाय काही खुपसू नका. स्टेजवर तर मी सेलच सुचवेन. सेलवरच्या गेम बॉयला अर्थिंगचा दुसरा रस्ताच नसतो, त्यामुळे त्याच्याकडून अर्थचं वेटोळं (दोन वाटांनी अर्थ जोडला गेल्याने ‘घुं’ येतो ते) तयार होऊ शकत नाही. रिचार्जेबल निकेल मेटल हायड्राइडचे चार सेल मिळून ४.८ व्होल्ट देतात, तेवढ्यावर तो चालतो, पण फ्लॅश कॅसेट (लॅपटॉपवरून आपला प्रोग्राम घालता येतो ती) जास्त करंट खाते, म्हणून कार्यक्रमाला ताजे चार्ज केलेले आणि वर चार अल्कलाइन खिशात.

हेडफोनवर बारीक ‘सीं’ ऐकू येत असेल तर तो वेगळा प्राणी. डीएमजीच्या आत स्क्रीनसाठी सेलच्या व्होल्टेजमधून उणे १९ व्होल्टच्या आसपास तयार करणारं छोटं बोर्ड आहे, त्याचा तो आवाज. स्क्रीनवरचं चित्र बदललं किंवा कॉन्ट्रास्टचं चाक फिरवलं की ‘सीं’ही बदलतो, यावरून ओळखा. सेल उतरायला लागले की वाढतो. कुणी बॅकलाइट बसवलेला असेल तर आणखी वाढतो. हा प्रोसाउंडनेसुद्धा पूर्ण जात नाही, कमी होतो. आणि चाक फिरवताना ‘खर्र’ होत असेल तर व्हॉल्यूमचा पॉट (चाकाखालचा बदलता रेझिस्टर) मळलाय, एवढंच.

‘घुं’ हेडफोनवर नाही आणि मिक्सरवरच येतो, असं झालं तर पिनेकडे बघा. गेम बॉयची पिन ३.५ मिलिमीटरची स्टिरिओ, म्हणजे दुकानात जिला ईपी पिन म्हणतात ती. तिच्यावर मोनो पी-३८ चा (मिक्सरला लागणाऱ्या ६.३५ मिलिमीटरच्या जाड पिनेचा) कन्व्हर्टर लावला की उजवी बाजू थेट ग्राउंडला चिकटते. उलट स्टिरिओ पी-३८ लावून ती मिक्सरच्या बॅलन्स्ड लाइन इनपुटात घातली तर मिक्सर डाव्या बाजूतून उजवी वजा करतो. मधोमध ठेवलेले सगळे सूर एकमेकांना खाऊन टाकतात, उरतं पातळ काहीतरी. मग माणूस गेन वाढवत नेतो आणि त्याबरोबर सगळी खरखर वर येते. तुमच्या वर्णनावरून मला हाच संशय जास्त आहे. उपाय स्वस्त: एका टोकाला ईपी स्टिरिओ आणि दुसऱ्या टोकाला दोन मोनो पी-३८ अशी वाय केबल, मिक्सरवर दोन चॅनल, एक पूर्ण डावीकडे, एक पूर्ण उजवीकडे. केबल दोन-तीन मीटरची, शिल्डेड. मिक्सर लांब असेल तर डीआय बॉक्स (लांब केबलसाठी सिग्नल बॅलन्स्ड करणारी डबी) घ्या, दहा मीटर साधी वायर ओढू नका. त्याच मिक्सरला चार्जरवरचा लॅपटॉप जोडलेला असेल तर चार्जर काढून एकदा ऐका, पुष्कळदा चोर तोच असतो.

एवढं करूनही स्वच्छता हवी असेल तर मग उघडा. मागचे स्क्रू बहुतेक तीन फाट्यांचे असतात, साध्या पेचकसाने त्यांची तोंडं घासून टाकू नका. दोन्ही अर्ध्यांना जोडणारी चपटी रिबन आहे, ती सरळ वर ओढून सोडवायची, तिरकी नाही. पॉटमध्ये आणि चालू-बंदच्या स्विचमध्ये काँटॅक्ट क्लीनर मारा आणि दोन्ही वीस-तीस वेळा फिरवा. दारं-बिजागऱ्यांना मारतात तो तेलकट स्प्रे नको, काँटॅक्टसाठीचाच घ्या. स्विचचं काम कंटाळून सोडू नका. मळलेल्या स्विचवर व्होल्टेज पडतं आणि गाणं ऐन रंगात असताना गेम बॉय आपोआप रीसेट होतो. सेव्ह बिघडायलाही हेच एक मोठं कारण.

सेलच्या स्प्रिंगांवर पांढरा किंवा हिरवा थर असेल तर कुठले सेल फुटले होते ते आठवा. अल्कलाइनचा स्राव क्षारधर्मी, त्याला व्हिनेगर किंवा लिंबाचा रस. साध्या झिंक-कार्बन सेलचा आम्लधर्मी, त्याला पाण्यात कालवलेला खायचा सोडा. कापसाच्या काडीने लावायचं, बोर्डावर ओघळू द्यायचं नाही, शेवटी आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसून एक दिवस वाळवायचं. आपल्याकडच्या पावसाळ्यात, त्यातही खानापूर-लोंढ्याच्या बाजूला, काम नसताना सेल आत ठेवूच नका, आणि डब्यात सिलिका जेलची पुडी टाका. स्क्रीनवर उभ्या रेघा गायब असतील तर तो या मॉडेलचा नेहमीचा रोग आहे, स्क्रीनच्या खालच्या रिबनचा चिकटा सुटलेला असतो. आवाजाशी त्याचा संबंध नाही.

प्रोसाउंडची जागा शोधायला इंटरनेटवरच्या फोटोवर भरवसा ठेवण्यापेक्षा कानाने शोधा. गेम बॉयवर एक लांब सूर चालू ठेवा. छोट्या ॲम्प्लिफायर-स्पीकरची ग्राउंड वायर गेम बॉयच्या ग्राउंडला लावा, आणि मधल्या वायरीत १० मायक्रोफॅरडचा कपॅसिटर घालून तिचं टोक पॉटच्या एकेका पायाला टेकवा. चाक फिरवल्यावर ज्या पायावरचा आवाज कमी-जास्त होतो तो पॉटनंतरचा. ज्या पायावर चाक फिरवूनही आवाज तेवढाच राहतो तो तुम्हाला हवा असलेला. असे दोन मिळतील, डावा आणि उजवा. गाण्यात एक सूर फक्त डावीकडे ठेवलात की कुठला कोणता तेही कळतं. त्या दोन पायांवरून आणि ग्राउंडवरून बारीक शिल्डेड वायर काढून कव्हरला भोक पाडून वेगळी स्टिरिओ पिन बसवा, मूळ हेडफोनची पिन राहू द्या. मीटरवर डीसी दिसत असेल तर कपॅसिटर कायम ठेवा, अधिक टोक गेम बॉयकडे. २५ वॉटचा बारीक टोकाचा आयर्न पुरतो, एका पायावर दोन-तीन सेकंदांपेक्षा जास्त टेकवायचा नाही, नाहीतर बोर्डावरची तांब्याची पट्टी उचलते. यानंतर या पिनेवर चाकाचा ताबा राहत नाही आणि पातळीही हेडफोनपेक्षा कमी असते. मिळतं ते हे: आतल्या ॲम्प्लिफायरचा ‘सस्स’ जातो आणि खालचा बेस भरदार होतो. हात बसलेला नसेल तर टीव्ही दुरुस्तीवाल्याकडून करून घ्या, अर्ध्या तासाचं काम आहे. कपॅसिटर, पिना, शिल्डेड वायर बेळगाव-कोल्हापुरात मिळतात. काही अडलंच तर पुण्यात पासोड्या विठोबाजवळ किंवा बेंगळूरला एसपी रोडला मिळेल.

आता प्रोग्राम. गेम बॉयवर दोन नावं प्रसिद्ध आहेत, योहान कोटलिन्स्की यांचा एलएसडीजे आणि ऑलिव्हर विटखोव्ह यांचा नॅनोलूप. नॅनोलूप ठोके चौकटीत टाकत खेळायला सोपा. पंधरा-वीस मिनिटांची बांधीव गाणी हवीत म्हणून तुम्ही एलएसडीजे घ्या. तो चालवायला लिहिता येणारी फ्लॅश कॅसेट लागते आणि तिच्यात १२८ किलोबाइटची सेव्ह मेमरी असायला हवी. ३२ किलोबाइटवाली स्वस्त कॅसेट घेतलीत तर प्रोग्राम उघडेलही, पण गाणी धड टिकणार नाहीत. कॅसेटची ऑर्डर देण्याआधी मात्र लॅपटॉपवर एम्युलेटर (गेम बॉयची नक्कल करणारा प्रोग्राम) टाकून तिथे निदान महिनाभर लिहा. सेमबॉय किंवा बीजीबी चालेल. तिथली सेव्ह फाइल पुढे तशीच कॅसेटवर नेता येते, म्हणजे केलेलं काम वाया जात नाही. आणि महिन्याभरात जीव रमला नाही तर कॅसेटचे पैसे वाचले.

यंत्राला चारच आवाज आहेत. दोन पल्स, त्यांना १२.५, २५, ५० आणि ७५ टक्के रुंदी देता येते (कानाला २५ आणि ७५ सारखेच). तिसरा वेव्ह, ३२ खणांची लहर, प्रत्येक खण ४ बिटचा. चौथा नॉइज. पल्स ६४ हर्ट्झच्या खाली जात नाही, वेव्ह ३२ पर्यंत जातो, म्हणून बेस वेव्हवर. वेव्हला आवाजाच्या पायऱ्याही मोजक्या: पूर्ण, अर्धा, पाव आणि बंद. वरच्या टोकाला दुसरी अडचण. सुराची वारंवारता १३१०७२ ला पूर्ण संख्येने भागून येते, त्यामुळे वर जाल तशा पायऱ्या विरळ होतात. ४४० हर्ट्झ मागितलं तर चूक एका सेंटपेक्षा (सेंट म्हणजे लगतच्या दोन पट्ट्यांमधल्या अंतराचा शंभरावा भाग) कमी, १७६० मागितलं तर १७७१ मिळतं, म्हणजे ११ सेंट चढं. बाजूला हार्मोनियम असेल तर ते कानाला टोचतं. मेलडी मध्य सप्तकात आणि तारच्या सुरुवातीलाच ठेवा.

एलएसडीजेत सगळ्यात छोटी वीट म्हणजे फ्रेज, १६ ओळींची. फ्रेजा मिळून चेन, चेना मिळून गाणं. सिलेक्ट दाबून बाणाने एका पडद्यावरून दुसऱ्यावर जायचं, ए दाबून बाणाने किंमत बदलायची, स्टार्टने वाजवायचं. हाताला बसायला आठवडा लागतो. मात्र १६ ओळी म्हणजे सगळं चारच्या पटीत, आणि आपल्याकडचे बरेच ठेके त्यात बसत नाहीत. एका मात्रेला दोन ओळी धरा. केरवा आठ मात्रांचा, १६ ओळी, तो नेमका बसतो. दादरा सहा मात्रांचा, १२ ओळी. ओळींचे आकडे ० ते ९ आणि पुढे ए ते एफ असे आहेत, म्हणून सी नंबरच्या ओळीवर ‘एच ००’ ही आज्ञा लिहा. तिथे पोचताच तो पुढच्या फ्रेजवर उडी मारतो आणि उरलेल्या चार ओळी वाजत नाहीत. रूपक सात मात्रांचा, १४ ओळी, ‘एच ००’ ई वर. झपताल दहाचा, त्याच्या पाच-पाच मात्रांच्या दोन फ्रेजा करा, दोन्हींत ए वर. चारही आवाजांच्या फ्रेजांना ही आज्ञा द्यायला विसरू नका. प्रत्येक आवाज आपापला पुढे सरकतो, एकाला राहिली की दोन आवर्तनांत सम सुटलीच. या हिशेबात लय टेम्पोच्या दुप्पट येते: मिनिटाला १६० मात्रा हव्या असतील तर टेम्पो ८०. लेझमीसारखा झोका हवा असेल तर ग्रूव्हमध्ये (प्रत्येक ओळ किती वेळ टिकते ते ठरवणारा पडदा) ६ आणि ६ च्या जागी ७ आणि ५ करून बघा, ८ आणि ४ केलं की फारच लंगडतं.

मंडळापुढे वाजवायचं तर हलगी-घुमक्याशिवाय लोक डोलणार नाहीत, हे गृहीत धरतो. हलगी नॉइजवर करा, आवाज झटकन पाडणारा आणि छोटा. नॉइजचे दोन प्रकार असतात, लांब आवर्तनाचा फसफसतो, छोट्या आवर्तनाचा धातूसारखा वाजतो. छोटा कैताळाला बरा, लांब हलगीला. घुमकं वेव्हवर: खालचा सूर आणि सोबत सूर सरकवणाऱ्या ‘पी’ आज्ञेला उणी किंमत. एफएफकडून ८० कडे जाल तसा सूर जास्त वेगाने कोसळतो. फोनवर खऱ्या हलगीचा ठोका रेकॉर्ड करून एलएसडीपॅच नावाच्या साधनाने किटमध्येही (एलएसडीजेतल्या रेकॉर्ड केलेल्या आवाजांच्या संचात) घालता येतो, पण तो ४ बिट आणि साधारण ११.५ किलोहर्ट्झवर उतरतो, रेकॉर्डिंग कितीही चांगलं असलं तरी. आणि किटही वेव्हवरच वाजतं. म्हणजे बेस, घुमकं आणि किट या तिघांना एकच खुर्ची. मी घुमकं समेवर आणि बेस त्याच्या पाठोपाठच्या ओळीवर ठेवतो. कानाला दोन वाद्यं वाटतात, एकमेकांच्या अंगावर येत नाहीत.

उरलेल्या दोन पल्सवर गाणं. एकावर मेलडी, दुसऱ्यावर तीच मेलडी दोन-तीन ओळी उशिरा आणि निम्म्या आवाजात, की मोकळ्या मैदानासारखा पडसाद येतो. स्वरसंगत हवी असेल तर ‘सी ४७’ लिहिलं की एकच पल्स सा, ग, प भरभर फिरवतो, ‘सी ३७’ ला कोमल गंधार. मींडेला ‘एल’, आंदोलनाला ‘व्ही’. मींड लांब करू नका, पल्सवर ती सायरन वाटते.

सेव्हबद्दल एकच आग्रह. काही फ्लॅश कॅसेट सेव्ह मेमरीतलं एसडी कार्डावर लगेच उतरवत नाहीत, पुढच्या वेळी चालू केल्यावर किंवा मेन्यूत परतल्यावर उतरवतात. तुमची कॅसेट काय करते ते एका फालतू गाण्यावर तपासा: सेव्ह करा, बंद करा, सेल काढून रात्रभर ठेवा, सकाळी उघडा. आणि सेव्ह फाइलची प्रत तारीख घालून लॅपटॉपवर ठेवत चला.

टीव्ही गेमचं काय? त्यात फॅमिकॉमच्या (निन्टेन्डोच्या जुन्या टीव्ही गेमच्या) चिपची नक्कल असते: दोन पल्स, एक ट्रँगल, नॉइज आणि सॅम्पलचा एक आवाज. ट्रँगलचा बेस गोड आहे, त्याला व्हॉल्यूम मात्र नाही, एकतर चालू नाहीतर बंद. पण अडचणी पुष्कळ. कॅसेट ६० पिनांची, त्यामुळे गेम बॉयची फ्लॅश कॅसेट तिथे वापरता येत नाही. बऱ्याच नकली चिपांत २५ आणि ५० टक्के रुंदी अदलाबदल झालेली असते, म्हणून लॅपटॉपवर केलेलं इथे वेगळंच वाजतं. शिवाय आपल्याकडचे संच ५० हर्ट्झच्या ‘पाल’ (PAL) पद्धतीच्या टीव्हीसाठीचे. ६० हर्ट्झ धरून लिहिलेलं गाणं त्यावर सहात एक भाग सावकाश चालतं, सूरही साधारण १६ सेंट उतरतो. तरी तो आवाज आवडत असेल तर लॅपटॉपवर फॅमिट्रॅकर किंवा फर्नेसमध्ये लिहा, तेवढ्याने काम होतं. संचच वाजवायचा असेल तर आधी ७८०५ रेग्युलेटरजवळचा मोठा कपॅसिटर नवा घाला, बहुतेक १००० मायक्रोफॅरड १६ व्होल्टचा असतो, आणि आवाज टीव्हीच्या अँटेनाच्या वायरीतून न घेता एव्हीच्या पिनेवरून घ्या.

घरी रेकॉर्ड करताना लॅपटॉपच्या माइकच्या पिनेत गेम बॉय थेट घालू नका, ती पिन मोनो आणि फार संवेदनशील असते, आवाज फाटतो. लाइन इनपुट असलेला साधा यूएसबी ऑडिओ इंटरफेस घ्या. तो येईपर्यंत १० किलोओहमचा रेझिस्टर मालिकेत आणि १ किलोओहमचा ग्राउंडला असा जोड करा, पातळी सुमारे २१ डेसिबल खाली येते.

कार्यक्रमाच्या दिवशी मिक्सरवाल्याला दोन गोष्टी आधी सांगा. एक, गेम बॉय चालू-बंद करताना चॅनल म्यूट, नाहीतर धाडकन ठोका बसतो. दोन, चौकोनी लहरीत त्याच उंचीच्या साध्या लहरीच्या दुप्पट ताकद असते, तीही न थांबता. मीटरवर गाण्याइतकीच पातळी दिसली तरी वरचे हॉर्न जास्त तापतात. ट्रेबल थोडा उतरवा, फेडर नेहमीपेक्षा खाली.

वाय केबल लावून आणि सेलवर चालवून बघा. तरीही ‘घुं’ राहिला तर मिक्सरचं मॉडेल, कुठल्या इनपुटात घातलंय आणि गेम बॉयची पिन काढून नुसती केबल लटकत ठेवल्यावर आवाज राहतो की जातो, एवढं लिहा.